दोन गिरण्यांचं एक पाणी

लग्न झालं तेव्हा मी जळगावच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका तेलगिरणीत केमिस्ट होते. हे, म्हणजे माझे यजमान, तिला लागूनच असलेल्या दुसऱ्या तेलगिरणीत मशिनरी सांभाळायचे. दोन्हीकडे सरकीचं तेल शुद्ध करायचं काम. मालक एकेकाळी भागीदार होते. मग काहीतरी बिनसलं, मधे भिंत उभी राहिली आणि तेव्हापासून दोघांचं बोलणं बंद झालं. आमच्या मालकांना सगळे आप्पा म्हणायचे, पलीकडच्यांना नाना. नानांचा टँकर फाटकाबाहेर पडला की आप्पा खिडकीशी येऊन तो धुळ्याच्या बाजूला वळतो की भुसावळच्या, ते बघून घ्यायचे.

माझं लग्न ठरल्याचं कळलं तेव्हा आप्पा थोडे गंभीर झाले. नोकरी सोडायला सांगतात की काय, असं मला वाटलं. ते एवढंच म्हणाले, "पोरी, गिरणीतलं गिरणीत ठेव." नानांनी यांनाही तेच सांगितलं होतं. त्यामुळे आमच्या घरात तेलाचा विषय निघत नसे. भाजी, नातेवाईक, क्रिकेट, सगळं चालायचं. तेल फक्त फोडणीपुरतं.

सरकीचं तेल घाण्यातून निघतं तेव्हा काळपट असतं. त्यात कॉस्टिक सोडा घातला की नको असलेला भाग साबण होऊन खाली बसतो. मग वरचं तेल गरम पाण्याने दोनतीनदा धुवायचं. हे धुवणाचं पाणी दुधासारखं पांढुरकं, हाताला बुळबुळीत. ते आम्ही मागच्या नाल्यात सोडायचो, नानाही सोडायचे. नाला पुढे एका खेड्याच्या शेतांतून जायचा. उन्हाळ्यात त्याला आंबूस वास सुटायचा, आणि वारा असला की फेसाचे गोळे उडून ज्वारीच्या धाटांना चिकटायचे. मी ते बघितलं होतं. ते चांगलं नाही हेही कळत होतं. पण वसाहतीतल्या सगळ्यांचंच पाणी तिकडे जात होतं, आणि त्याबद्दल कोणी कोणाला विचारत नव्हतं.

विचारलं ते त्या खेड्यातल्या एका अक्कांनी. साठीच्या असतील. एका सकाळी त्या पितळेची कळशी डोक्यावर घेऊन चालत आल्या आणि थेट आप्पांच्या टेबलावर ती ठेवली. मी तेव्हा तेलाचे नमुने दाखवायला तिथेच उभी होते.

"भाऊ, हाई पानी तुमनं शे," त्या अहिराणीत म्हणाल्या. "मन्ही म्हैस याले तोंड बी लावत नही."

आवाज चढलेला नव्हता. आप्पांनी त्यांना बसायला सांगितलं, चहा मागवला. त्या चहा न पिता भिंतीपलीकडे नानांकडे गेल्या. तिकडे काय झालं ते मला घरी कळायला हवं होतं, पण आमचा नियम.

पुढे काही महिन्यांत प्रदूषणाच्या खात्याचे अधिकारी येऊन दोन्ही गिरण्यांच्या पाण्याचे नमुने घेऊन गेले. मग नोटिसा आल्या. पाणी शुद्ध करूनच बाहेर सोडा, नाहीतर वीज आणि पाण्याचं कनेक्शन तोडलं जाईल. अधिकारी तरुण होते, सभ्य होते. मुदत भरपूर दिली होती.

आप्पांची झोप उडाली. त्यांचं म्हणणं अगदी चुकीचं होतं असं मला आजही वाटत नाही. आमचं तेल धुळ्याच्या आणि दोंडाईच्याच्या व्यापाऱ्यांकडे जायचं, आणि तिथे डब्यामागे जराशा फरकाने गिऱ्हाईक इकडचं तिकडे व्हायचं. सरहद्दीपलीकडे मध्य प्रदेशात नव्या गिरण्या निघाल्या होत्या. तिथे अजून कोणी नमुने घ्यायला जात नाही, असं दलाल सांगायचे. शिवाय भिंतीपलीकडे नाना होते. आप्पा मला म्हणाले, "मी टाक्या बांधल्या आणि त्याने टाळाटाळ केली, तर माझं तेल महाग आणि त्याचं स्वस्त. मग घेणार कोण?" नाना काय करणार आहेत, हे त्यांनी मला विचारलं नाही. विचारावंसं वाटत होतं ते मात्र चेहऱ्यावर दिसत होतं.

शेवटी त्यांनी गिरणीच सरहद्दीपलीकडे हलवायचं मनात घेतलं. एक दलाल तिकडे जागा दाखवणार होता. तिथल्या विहिरीचं पाणी कसं आहे ते तपासायला मी सोबत हवी होते. मी बाई माणूस, म्हणून आप्पांनी त्यांच्या पत्नीला, म्हणजे काकूंनाही जीपमध्ये घेतलं. मी आदल्या दिवशी घरी सांगितलं की उद्या साहेबांबरोबर बाहेरगावी जायचंय. हे म्हणाले, मलाही जायचंय. कुठे, ते मी विचारलं नाही, यांनीही नाही.

धुळ्यात आप्पांचं एका व्यापाऱ्याकडे काम होतं. ते उरकून आम्ही आग्रा रोडला लागलो, सोनगीर, शिरपूर मागे टाकत दुपारी सरहद्द ओलांडली. जागा रस्त्यालगतच होती, सपाट, कडेला एक निंब. निंबाखाली आधीच एक जीप उभी होती. तिच्याजवळ नाना उभे होते, आणि बांधावर वाकून हे टेपने जमिनीची लांबी मोजत होते.

ते चोपड्याच्या रस्त्याने आले होते. दलालाने दोघांनाही एकाच दिवशी बोलावलं होतं, भाव चढावा म्हणून.

यांनी माझ्याकडे बघितलं आणि हातातली टेप खाली ठेवली. मला इतकं हसू येत होतं की मी काकूंच्या मागे जाऊन उभी राहिले. आप्पा आणि नाना मात्र अवघडून एकमेकांसमोर थांबले. इतक्या वर्षांनंतर पहिलं वाक्य कोणी बोलायचं, हाच मोठा प्रश्न होता. ते नाना बोलले.

"तुम्ही इकडे येणार असं कानावर आलं. तुम्ही आलात तर मला यावंच लागेल."

"मी तुमच्या भीतीने निघालोय," आप्पा म्हणाले.

काकूंनी मोकळ्या माळावरून एकदा नजर फिरवली आणि विचारलं, "मग इथेही मधे भिंत घालणार का?"

नाना आधी हसले, मग आप्पा. दलाल मधे पडून जमिनीचे गुण सांगू लागला. आप्पांनी त्याला विचारलं की इकडे पाण्याचा कायदा नाही का? तो प्रामाणिकपणे म्हणाला, कायदा सगळ्या देशाला एकच आहे, माणसं अजून पोचली नाहीत एवढंच. म्हणजे आज पळून यायचं आणि चार वर्षांनी तीच नोटीस इथे घ्यायची. शिवाय सरकी जळगावकडची, कामगार जळगावचे.

परतताना दोन्ही जीप मागोमाग निघाल्या. काकूंना सोनगीरला पितळेचं पातेलं घ्यायचं होतं, म्हणून सगळे थांबलो. त्या दुकानात भाव करत होत्या तेवढ्यात आम्ही समोर चहाला बसलो. तिथे मी आणि यांनी मिळून, पहिल्यांदाच मालकांसमोर, तेलाबद्दल एकमेकांशी मोकळं बोलून घेतलं. माझं म्हणणं होतं, पाणी दोन्हीकडचं सारखंच आहे, एकाच टाकीत शुद्ध होईल. हे म्हणाले, गिरण्यांच्या मागे जी पट्टी वाटणीत कोणीच सोडली नाही म्हणून पडीक आहे, ती टाकीला पुरेल. खर्च अर्धा अर्धा. आणि दोघांनाही तो सारखाच पडला, तर कोणाचंच तेल दुसऱ्यापेक्षा महाग व्हायचं कारण नाही. आप्पांनी बशीतला चहा संपवला आणि नानांना म्हणाले, "पट्टी तुमची समजा." नाना म्हणाले, "नाही, तुमची." त्यावरही थोडा वाद झाला, पण तो गोड होता.

टाकी बांधायला हिवाळा गेला. भिंतीला खालून भोक पाडून नानांचा पाइप आमच्या बाजूला आणला. पाणी आधी एका हौदात संथ ठेवायचं, वर येणारा तवंग काढून घ्यायचा, मग औषध घालून गाळ बसवायचा. पहिल्यांदा तवंग काढला तेव्हा आम्ही बघतच राहिलो. साईसारखा जाड पिवळा थर. इतकं तेल आम्ही रोज नाल्याला पाजत होतो. धुळ्याचे साबणवाले तो थर आनंदाने नेऊ लागले.

टाकी लहान होती, म्हणून धुवायचं पाणी कमी करणं भाग होतं. त्यासाठी मला कॉस्टिकचं प्रमाण पुन्हा बसवावं लागलं, आणि तेल पूर्वीपेक्षा नितळ निघायला लागलं. दोंडाईच्याच्या एका व्यापाऱ्याने आपण होऊन रंगाची चौकशी केली. सगळंच सोपं झालं असं नाही. पहिला हंगाम ओढाताणीचा गेला, दोन जुनी गिऱ्हाइकं सरहद्दीपलीकडच्या गिरणीकडे गेली. एक परत आलं, दुसरं आलं नाही. वसाहतीतली एक लहान गिरणी, दोघा भावांची, हा खर्च पेलू शकली नाही आणि बंद पडली. आमच्या हौदात त्यांचं पाणी घ्यायला जागा नव्हती. धाकटा भाऊ नानांकडे कामाला लागला. तो कधी त्याबद्दल बोलला नाही, आणि मीही विषय काढत नसे.

नाला आरशासारखा झाला नाही, पण फेस गेला, वास गेला. अक्का एकदा रस्त्यात भेटल्या. मी थांबून विचारलं, तर म्हणाल्या, आता बरं शे. आणि वाणवळा म्हणून हरभऱ्याची जुडी हातात दिली.

दोनतीन वर्षांनी बोदवड आणि धुळ्याकडचे काही गिरणीवाले आमची टाकी बघायला आले. माहिती देण्याची हौस आप्पांना. हौदाच्या काठावर उभे राहून ते तासभर बोलत होते, नाना शेजारी मान डोलवत होते. रसायनशास्त्र त्यांनी बरंच उलटंसुलटं सांगितलं. पाहुण्यांतल्या एकाने माझ्याकडे शंकेने बघितलं. मी त्याला नंतर सावकाश समजावून दिलं. आप्पांना मधे थांबवावंसं मला वाटलं नाही. ते इतके खुशीत होते, आणि समोरचे सगळे मन लावून ऐकत होते.