भाकरतुकड्याचा रीटेक

एका जागी बसणं मला जमत नाही. माझ्या पायाला भिंगरी आहे, असं आई म्हणते. नटी म्हणून सुरुवातीची वर्षं माहितीपटांत गेली. पाठमोरी चालणारी बाई मीच, चुलीपुढचे हातही माझेच. चेहरा कधी दिसलाच नाही. मग एका रिअ‍ॅलिटी शोमध्ये घेतलं आणि चोवीस तास चेहराच सांभाळत बसावं लागलं.

त्या शोमध्ये स्पर्धकाला एकदा घरी नेतात. माझं घर सोलापुरात, बंद गिरणीमागच्या गल्लीत. घरभेटीच्या एपिसोडवर लोकांची मतं पडणार होती आणि मी शोमधून बाद होण्याच्या काठावर होते. शिवाय फार दिवसांनी घरी येत होते. गाडीत मला धड बसवेना.

आई दारातच उभी होती. तिने माझ्यावरून भाकरतुकडा ओवाळला, बाजूला टाकला, माझ्या पायांवर पाणी घातलं, डोळ्यांना लावलं. मी उंबरा ओलांडून तिच्या गळ्यात पडले. पहिल्यांदाच पाय थांबल्यासारखे वाटले.

"सॉरी, माइक बंद होता," कॅमेऱ्यामागून शोचा दिग्दर्शक म्हणाला. "परत एकदा बाहेरून या ना."

आईला कळेचना. "परत कसं? आत आलेल्या लेकीला भाईर काडू व्हय?"

"नुसतं शूटिंगसाठी, मावशी."

"मी काय शूटिंगसाठी ओवाळलं न्हवतं की."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. मला तिचा राग आला, त्या माणसाचा त्याहून जास्त. पण पाय आधीच चपला शोधत होते. मी गल्लीच्या तोंडाशी जाऊन उभी राहिले आणि त्याने हात दाखवल्यावर चालत आले.

आईने नवा तुकडा मोडून आणला होता. ओवाळताना ती ढसाढसा रडली. दिग्दर्शकाने टाळ्या वाजवल्या. तो एपिसोड लोकांना फार आवडला. मी शोमध्ये टिकले, पुढची कामंही मिळाली.

आता घरी एकटीच जाते. आई भाकरतुकडा घेऊन दारात येते, पण लगेच ओवाळत नाही. आधी माझ्या खांद्यावरून गल्लीत बघते.

"मागं कोन न्हाई न्हवं?"

"कोन न्हाई गं," मी चिडून म्हणते. आणि म्हणता म्हणता मीही वळून बघते.