थोरल्याची सही

डांबरगोळ्यांचा वास आला की पुंडलिकनगरच्या घरातली ती दुपार आठवते. वडिलांच्या माघारी घराला वारसांची नावं लावायची होती, आणि भांडून पुण्याला गेलेल्या थोरल्या भावाच्या सहीसाठी आईनं महापालिकेकडून दोनदा मुदत वाढवून घेतली होती. तिसऱ्या अर्जासाठी कागद शोधताना तिच्या साडीच्या घडीत टपालाचं पाकीट सापडलं. आत भावाचं संमतीपत्र, चार महिन्यांपूर्वीच सही केलेलं. “सही तर आलीय की गं!” मी ओरडलो. “व्हय,” पाकीट परत साडीत सारत आई म्हणाली, “पण काम झाल्यावर तो इथं कशाला यील?” मी अर्ज लिहिला: थोरल्या मुलाची सही बाकी आहे, मुदत मिळावी. यंदा आई गेली. तेराव्याच्या आतच भावाचं पाकीट आलं: आईच्या वाट्याचं संमतीपत्र, न मागताच, सहीसकट.