सोलकढीच्या रंगाचे रणगाडे

दत्ताराम सकपाळांना नवीन माणूस भेटला की ते आधी त्याच्या खांद्याकडे बघायचे आणि मग तोंडाकडे. माझी त्यांची पहिली भेट तशीच झाली. मी मस्कतला नुकताच आलो होतो आणि दार्सैत भागातल्या इमारतीत गादी खांद्यावर घेऊन जिना चढत होतो. मधल्या वळणावर हे गृहस्थ पांढरा बनियन आणि कडक इस्त्रीची पँट घालून उभे. माझ्या खांद्यावर कापसाचा पुंजका चिकटला होता. तो त्यांनी दोन बोटांत उचलला, निरखला आणि म्हणाले, "पांढरा. म्हणजे पायदळ. चढ वर."

मला वाटलं, मिलिटरीतून रिटायर झालेले दिसतात. इमारतीत लहानथोर सगळे त्यांना कर्नलच म्हणत. पुढे कळलं की कर्नल गाला नावाच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका ट्रेडिंग कंपनीत पर्चेस मॅनेजर आहेत आणि बंदूक त्यांनी जन्मात हातात धरलेली नाही. तरुणपणी एकदा महाडहून भरतीला गेले होते, तसेच परत आले. का परत आले, असं कुणी विचारलं तर "त्यांना मी पसंत पडलो नाही" एवढंच सांगायचे आणि चहा मागवायचे.

सैन्यात न गेलेल्या या माणसाला एका सैन्याची मात्र खडान्‌खडा माहिती होती, आणि तेही आपल्या नव्हे, दुसऱ्या महायुद्धातल्या जर्मन सैन्याची. लोकांना हे जरा विचित्र वाटे. कर्नल लगेच खुलासा करत, "मी त्यांचा भक्त नाही रे. माझा आजा त्यांच्या कैदेत होता." आजा आफ्रिकेच्या वाळवंटात लढताना पकडला गेला आणि पुढे जर्मनीतल्या छावणीत राहून जिवंत परत आला. त्यानं नातवाला गोष्टी सांगितल्या त्या गणवेशांच्या. "आजा म्हणायचा, पहारेकऱ्याच्या तोंडावरून काही कळत नाही. तोंडं सगळी सारखीच, उपाशी. खांदा बघायचा, कॉलर बघायची. पाव कुणाकडे मागायचा आणि मान कुणासमोर खाली घालायची, ते तिथं कळतं."

त्या सैनिकांच्या खांद्यावरच्या पट्टीला कडेनं रंगीत गोट असायचा. रंगावरून दल ओळखायचं. हे रंग कर्नल ज्या नावांनी सांगत, ती नावं जगातल्या कुठल्याच सैन्यानं ऐकली नसतील. पायदळ म्हणजे खोबरं. तोफखाना कुंकू. वायरलेसवाले लिंबू. डोंगरी पलटणी कैरी. डॉक्टर मंडळी गोकर्णाचं फूल. आणि रणगाडे? "रणगाडे सोलकढी!" असं ते इतक्या गंभीरपणे म्हणत की समोरच्याला हसावं की मान डोलवावी ते कळत नसे. ही सगळी नावं त्यांच्या बायकोनं, सुमनकाकूंनी, ठेवलेली. काकू दार्सैतच्या निम्म्या बायकांचे ब्लाउज शिवत. आमच्या मराठी मंडळाच्या नाटकांचे कपडेही याच घरातून यायचे. कापड कापायचे कर्नल, शिवायच्या काकू, आणि दोऱ्यांचा डबा नेहमी काकूंच्या मांडीवर. "रंग हे तिचं खातं," कर्नल म्हणायचे. "मी फक्त हुद्दे बघतो."

हुद्दे तर ते गणपतीतही बघायचे. एका वर्षी मोदकांचा पार विचका झाला होता. दहा जण स्वयंपाकघरात, दहाही जण सारण चाखतायत आणि उकड गार पडतेय. कर्नल आत शिरले. "जर्मनांची तुकडी कशी असायची माहीत आहे? दहा माणसं आणि एक मशीनगन. लढायची ती मशीनगन. बाकीच्यांनी तिला गोळ्या पुरवायच्या, स्वतःचा पराक्रम नाही दाखवायचा. इथं मशीनगन कोण? मोदकपात्र! ते रिकामं राहता कामा नये. यल्ला, चला!" तासाभरात ताटं भरली. तेव्हापासून मंडळात मोदकपात्राला मशीनगन म्हणतात, आणि नव्यानं आलेल्या सुनांना त्याचा अर्थ समजावून सांगावा लागतो.

त्यांचा काटेकोरपणा मात्र भल्याभल्यांना रडवायचा. एका नाटकात हवालदाराच्या कॉलरला चंदेरी पट्टी लावायची राहिली, तर पडदा उघडायला पाच मिनिटं असताना त्यांनी त्याला विंगेत उभ्यानं पकडून ती टाचली. "प्रेक्षकांना काय कळतंय?" असं आमचे सेक्रेटरी बापट म्हणाले. "प्रेक्षकांना नाही कळत, पण त्या कॉलरला कळतं," कर्नल म्हणाले. बापटांनी कानाला खडा लावला. एकच गोष्ट कर्नल मुद्दाम चुकीची ठेवायचे. कागदावर जर्मन टोपी काढून दाखवताना तिच्यावरच्या गरुडाचे पंजे ते रिकामे सोडत. "त्याच्या पंजात जे असायचं ते माझी बायको रोज उंबरठ्यावर काढते. ते मी त्याच्या हातात देणार नाही. खलास."

मग ते जर्मन नाटक आलं. आमच्यातल्याच एकानं लिहिलेलं. बर्फात अडकलेली एक तुकडी, युद्ध संपलंय आणि त्यांना ते ठाऊक नाही. मी वायरलेसवाला, म्हणजे जवळजवळ नायकच. कर्नलना आयुष्यभर ज्याची वाट पाहिली ते काम मिळालं होतं. रुवीच्या बाजारात त्यांनी आठवडाभर कापड धुंडाळलं. लोकरीसारख्या जाड कापडाचे कोट घालून आम्ही घामाघूम होऊन थंडीनं कुडकुडण्याची तालीम करायचो. प्रत्येकाच्या कोटाचं माप घेताना ते त्याचा हुद्दा त्याला पाठ करायला लावत. एक गंमत त्यांनी तेव्हाच सांगितली. प्रत्येक कंपनीत एक थोरला हवालदार असायचा. त्याच्या बाहीवर दोन चंदेरी कडी असायची. जेवण, कपडे, बूट, रजा सगळं तो बघायचा. सैनिक त्याला कंपनीची आई म्हणायचे. हे सांगताना कर्नलनी काकूंकडे असं पाहिलं की काकूंनी मशीनचं चाक जरा जोरातच फिरवलं.

प्रयोगाच्या दिवशी ग्रीनरूममध्ये मी कोट चढवला आणि आरशात पाहिलं. माझ्या खांद्यावरचा गोट पोपटी होता, चांगला करकरीत. मला वाटलं, यांनी ऐनवेळी माझी बदली केली की काय! मी थट्टेनं म्हणालो, "कर्नल, लिंबू फारच कच्चं राहिलंय. मी डोंगरात गेलो का?"

त्यांचा चेहरा एकदम उतरला. "म्हणजे?"

"पोपटी आहे की हा. कैरी."

त्यांनी पट्टी जवळ घेऊन पाहिली. मग पडद्यापलीकडे पाहिलं. तिथं सुमनकाकू खुर्चीवर बसून कुणाची तरी बटणं लावत होत्या. सुई त्यांनी अगदी नाकाशी धरली होती. कर्नल बराच वेळ तिकडेच बघत राहिले. त्यांच्या डब्यात सुई होती, कात्री होती, वेळही होता. मी कोट काढायला लागलो, तर त्यांनी माझा हात धरला. "राहू दे."

"अहो, पण उसवून..."

"राहू दे म्हटलं ना. असाच जा. आणि काकूला काही बोलायचं नाही. हुकूम आहे."

चंदेरी पट्टीसाठी हवालदाराला विंगेत अडवणारा हा माणूस मला चुकीच्या रंगात रंगमंचावर पाठवत होता. मला काही उमजेना. नाटक मात्र रंगलं. शेवटी वायरलेसवर बातमी येते तेव्हा हॉलमध्ये नाकं ओढल्याचे आवाज येत होते.

प्रयोगानंतर सगळे बटाटेवड्यांभोवती जमले. बापटांनी मोबाइलवर काहीतरी शोधून काढलं होतं, आणि जुना हिशेब त्यांच्या मनातून गेलेला नव्हता. माझ्याकडे बोट दाखवत ते मोठ्यानं म्हणाले, "काय कर्नल! वायरलेसवाल्याचा गोट पिवळा असतो ना? मग महेशचा हिरवा कसा? त्या खांद्याला कळलं नाही वाटतं?"

लोक हसले. काकूंच्या हातातली बशी तशीच राहिली. त्यांनी माझ्या खांद्याकडे पाहिलं, डोळे बारीक केले, पुन्हा पाहिलं. त्यांचा चेहरा मी आजही विसरलेलो नाही. भर गर्दीत हात सुटलेल्या मुलासारखा झाला होता तो.

कर्नल पुढे आले. "चूक माझी आहे," ते म्हणाले. "सुमननं लिंबूच काढून दिलं होतं. मी दुसरं रीळ उचललं. मला रंग कळत नाहीत. लाल, हिरवा, पिवळा सगळं एकच दिसतं, जन्मापासून. भरतीत म्हणूनच परत पाठवलं मला. हे सगळे रंग मला हिनं शिकवलेत, तोंडी."

बापटांनी मोबाइल खिशात ठेवला. सोलकढी, कुंकू, कैरी, इतकी वर्षं आम्ही ज्याला विनोद समजत होतो, तो या माणसाचा एकमेव आधार होता. ज्या गोष्टीवरून चाळीस वर्षं चहा मागवून विषय बदलला, ती त्यांनी वड्याच्या ताटाशी उभं राहून सगळ्यांना सांगून टाकली. मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही.

दोरा आपणच ओवला होता, हे काकूंना ठाऊक होतं. मशीनवर त्याच बसल्या होत्या. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या आपण होऊन म्हणाल्या, "चला, डोळे दाखवून येऊ." दोन्ही डोळ्यांत पिकलेला मोतीबिंदू निघाला. वर्षभर त्या अंदाजानं शिवत होत्या. मी रागावून विचारलं, "काकू, सांगितलं का नाही?" तर म्हणाल्या, "अरे, माझे डोळे गेले म्हटलं असतं तर ह्यांचेही गेले असते. ह्यांचं एवढं मोठं नाटक आणि मी कसं सांगू?"

ऑपरेशन गावाकडेच करायचं ठरलं. कर्नलना निवृत्तीला थोडेच महिने उरले होते, त्यांनी तेही सोडले. मी त्यांना विमानतळावर पोचवायला गेलो. काकू बॅगांपाशी बसल्या असताना त्यांनी मला बाजूला घेतलं. "ती खांद्याची पट्टी आहे का तुझ्याकडे? पोपटी?"

गाडीतच होती. मी आणून दिली. "ही कशाला? ही तर चुकलेली."

"बरोबर असलेल्या पुष्कळ आहेत," ते म्हणाले आणि पट्टी शर्टाच्या खिशात ठेवली. मग माझ्या खांद्यावर थोपटलं आणि या वेळी तोंडाकडे पाहिलं.

काकूंचे डोळे छान झाले. कर्नल मात्र पुढच्याच वर्षी गेले, झोपेतच. दिवस वगैरे झाल्यावर एकदा संध्याकाळी काकूंचा व्हिडिओ कॉल आला. दारामागे खुंटीला टांगलेला त्यांचाच एक जुना स्वेटर दिसत होता. त्याच्या बाहीवर दोन चंदेरी कडी शिवलेली होती, वेडीवाकडी, पुरुषाच्या हातची. काकूंच्या हातात ती पट्टी होती.

"ह्यांच्या पाकिटात मिळाली रे," त्या म्हणाल्या. पट्टी त्यांनी खिडकीच्या उजेडात धरली. "एवढं पोपटी होतं?"

"हो काकू."

"आणि तू हे घालून सगळ्यांसमोर उभा राहिलास?"

"कर्नलचा हुकूम होता."

त्या थोड्या हसल्या. पट्टीवरून अंगठा फिरवत राहिल्या. मग म्हणाल्या, "खोटं म्हणून कधी बोलता यायचं नाही ह्यांना. तेवढं एकदाच बोलले."