नीलव्वाचे अडीच सेकंद

धारवाडच्या आमच्या कॉलेजात नीलव्वा कंबार वीस वर्षं भौतिकशास्त्राच्या प्रयोगशाळेत अटेंडंट होती. स्वतः बी.एस्सी.ला असताना तिनं सोडवलेल्या उदाहरणांचं पुस्तक तोंडपाठ केलं होतं. पेपरात आकडे बदलून आले आणि बाई दोनदा नापास झाली. चव्वेचाळिसाव्या वर्षी तिला पुन्हा बसायचं वेड लागलं. जुन्या नापासांना विद्यापीठानं एकच शेवटची संधी दिली होती.

मी ग्रंथपाल, म्हणून मला तिनं वेठीला धरलं. उत्तरांचं पुस्तक माझ्या खणात. तिनं आधी वहीत उदाहरण सोडवून मला दाखवायचं, मगच मी पान उघडायचं. मला त्यातलं ओ की ठो कळत नव्हतं, पण पहारा चोख होता. दुपारच्या सुट्टीत चुरमुऱ्यांचं गिरमिट खात खात दोन वर्षांत तिनं सहाशे उदाहरणं उरकली.

फॉर्म भरायच्या शेवटच्या दिवशी घोळ झाला. उतरत्या फळीवरून भरीव पितळी दंडगोल घरंगळत खाली यायला किती वेळ? पुस्तक म्हणे दोन सेकंद, नीलव्वाचे आले अडीच. तिनं तीनदा गणित मांडलं, तीनदा अडीच. भौतिकशास्त्र शिकवणाऱ्या अंगडी सरांना विचारलं, तर वर न बघताच ते म्हणाले की सहावी आवृत्ती आहे, चूक असती तर आजवर कुणी काढली नसती का. ती तशीच माझ्याकडे आली आणि फॉर्म चुरगाळायला लागली.

"पुस्तक चुकत नसतं, अण्णा. मीच चुकते. तिसऱ्यांदा शोभा नको."

माझं डोकंच फिरलं. "पुस्तकानं कधी फळी उचललीय? तू रोज उचलतेस. लाव ती."

तिनं फळी लावली, सरांना बोलावलं आणि घड्याळ त्यांच्याच हातात दिलं. दहा वेळा दंडगोल सोडला. दहाही वेळा अडीचच्या आसपास. सरांनी पुस्तकातलं उत्तर ओळीओळीनं तपासलं.

"यांनी तो नुसता घसरवलाय. गोल फिरण्यात जाणारी ऊर्जा धरलीच नाही. बरोबर तुमचंच आहे, नीलव्वा."

चुरगाळलेला फॉर्म त्यांनीच हातानं सरळ केला आणि साक्षीची सही ठोकली.

जूनमध्ये निकाल लागला. शंभरात एकाहत्तर. मला मेल्याला रडूच आलं. खणातलं पुस्तक तिच्यापुढे ठेवून मी म्हटलं, घे बाई, पहारा संपला.

तिनं ते परत माझ्याकडे सरकवलं. "हे कपाटात ठेवा, अण्णा. एम.एस्सी.चं काढा, आणि खणाला कुलूप घाला."