जिलानीने मोजलेलं घर

लातूरच्या सुतारकाम करणाऱ्या घरातला जिलानी पुण्याच्या व्यावसायिक नाटकांचा नेपथ्यकार झाला, याचं त्याच्या आईला, बेगमबीला, नवल वाटायचं. "झूटे घरां को इत्ता माप कायकू रे?" ती विचारायची. जिलानी मापाला पक्का होता. खरी पाहून मोजल्याशिवाय तो कागदावर एक खिडकीसुद्धा काढत नसे.

१९९३च्या उन्हाळ्यात एका ग्रामीण नाटकासाठी त्याला माळवदाचं, सपाट मातीच्या छताचं घर हवं होतं. किल्लारीकडच्या एका गावात अण्णाराव नावाच्या शेतकऱ्याचं घर त्याच्या मनात भरलं. दोन दिवस तो तिथेच राहिला. अण्णाराव टेपचं टोक धरायचे, त्यांच्या बायको साखराबाई भाकरी वाढायच्या. दगडमातीची भिंत, तिच्यातली दिव्याची दिवळी, चौकटीवरचा कोरीव मोर, सगळं त्याने वहीत उतरवलं. ऑगस्टात नाटक आलं. पडदा उघडताच लोक त्या घरालाच टाळ्या द्यायचे.

तीस सप्टेंबरच्या पहाटे भूकंप झाला. जिलानी प्रयोगासाठी नाशिकला गेला होता. चौथ्या दिवशी तो गावात पोचला, तर घराच्या जागी दगडांचा ढीग. अण्णाराव त्याखाली गेले होते. साखराबाई चाकूरला लेकाकडे होत्या, म्हणून वाचल्या. त्या भिंतीची जाडी जिलानीला इंचात पाठ होती.

जानेवारीत कंपनीने भूकंपग्रस्तांच्या मदतीसाठी लातूरला तोच प्रयोग लावला. "हे घर इथं नको," जिलानी म्हणाला. निर्मात्याने ऐकलं नाही. दुपारी सेट उभा झाला आणि लेक बालाजीला घेऊन साखराबाई थेट रंगमंचावर आल्या. आपलं घर नाटकात आहे, असं त्यांच्या कानावर गेलं होतं.

त्यांनी चपला काढल्या. मोरावरून बोट फिरवलं. मग दारातून आत गेल्या. आत टेकू दिलेल्या फळ्या, दोरखंड आणि अंधार.

"मागं काहीच न्हाई की रं, बाबा!"

"मावशी, मी आत्ताच काढतो हे," जिलानी म्हणाला.

"काढू नगं. राहू दे जरा." त्यांनी भिंतीला हात टेकला. कापडाची भिंत हलली. तशा त्या किंचाळल्या, "भाईर निघा! घर पडायलंय!"

सेट लावणारी माणसं लातूरचीच होती, भूकंप अनुभवलेली. एकानेही विचार केला नाही, सगळी दाराकडे धावली. एक दार कुलपात होतं, दुसऱ्यात ती अडकली. रेटारेटीत बालाजीचा हात मोडला. सगळं शांत झालं तेव्हा जिलानीला कळलं, तो स्वतः पळालाच नव्हता. दोन्ही हातांनी ती कापडी भिंत धरून उभा होता, आणि हात काही केल्या सुटत नव्हते.

त्या दिवशी प्रयोग नुसत्या काळ्या पडद्यापुढे झाला. नंतर पंधरा वर्षं जिलानीने नेपथ्य केलं, पण कुणाच्या नांदत्या घराला पुन्हा टेप लावला नाही.

पुढे नाटकं आटली. लातूर-नांदेडला गल्लोगल्ली कोचिंग क्लास निघाले, आणि त्याला त्यांचीच कामं मिळू लागली. नांदेडच्या हणमंतरावांनी जुन्या गोदामात चारशे पोरांचा वर्ग काढला होता. त्यांना फळ्यासाठी उंच चौथरा हवा होता. जिलानीने आधी दारं मोजली. एकच होतं.

"आधी भिंतीत दुसरं दार काढा सर, मग चौथरा."

"चाळीस पोरांची जागा जाती हो त्यात! तुम्ही चौथऱ्याचं बघा."

जिलानीने सामान आवरलं. दुसऱ्या दिवसापासून तो फाटकापाशी उभा राहून येणाऱ्या प्रत्येक आईबापाला सांगू लागला, "आत एकच दार हाय. बघून घ्या." तीन दिवस हणमंतरावांनी दमदाटी केली. चौथ्या दिवशी आईबाप पोरांना घेऊन परत फिरू लागले, तेव्हा त्यांनी दुसऱ्या दारासाठी भिंत फोडायला गवंडी लावला, आणि जिलानीशी बोलणं कायमचं टाकलं.