जेवणानंतर दहा पानं

पुण्याहून न्यूझीलंडला निघताना विमानतळावर बॅग जड भरली. नवऱ्याने त्यातली जाडजूड कादंबरी बाहेर काढली आणि सरळ मधोमध फाडली. पहिला भाग माझ्या पर्समध्ये, दुसरा त्याच्या लॅपटॉपच्या बॅगेत. "शिवणीवर फाडलीय, पुन्हा बाइंड करू," तो म्हणाला. ते कधी झालं नाही.

कादंबरी सत्तावनच्या बंडातली. एका घोडेस्वाराचा भाऊ फितुरीने मारला जातो. स्वार सूड घ्यायला निघतो आणि वाटेत जिच्यावर जीव जडतो ती त्याच फितुराची लेक निघते. नवऱ्याने ती कॉलेजात दोनदा वाचली होती. मला मात्र शेवटचं पान आधी वाचायची खोड. म्हणून लोअर हटच्या घरात आल्याआल्या त्याने दुसरा भाग लपवला.

मी सावकाश वाचणारी. नोकरी, घर, मुलगी यांत पहिला भाग वर्षानुवर्षं रेंगाळला. वेलिंग्टनच्या ट्रेनमध्ये नवरा शेजारून डोकावायचा.

"अजून चंबळ ओलांडली नाहीस? घोडा म्हातारा झाला गं त्याचा."

"मारतो का तो तिच्या बापाला? एवढंच सांग."

"आधी नदी ओलांड."

गेल्या वर्षी, हिवाळ्याच्या तोंडावर, तो अचानक गेला. नदी मी त्यानंतर ओलांडली, त्याच ट्रेनमध्ये, एकटीने. पहिला भाग वाक्याच्या मध्येच संपला: तिने दार उघडलं आणि.

पुढचा भाग घरभर शोधला. "आई, जस्ट ऑर्डर इट ऑनलाइन," लेक म्हणाली. मला दुसरी प्रत नको होती.

या जूनमध्ये थंडी वाढली. गरम पाण्याच्या टाकीच्या कपाटात, माझा हात पोचत नाही त्या फळीवर जादाची रजई होती. लेकीने खुर्चीवर चढून ती ओढली, तसं खाकी कागदातलं पुडकं खाली पडलं. ओल लागू नये म्हणून घरातली सगळ्यात कोरडी जागा निवडली होती त्याने. शेवटची वीसेक पानं कडेने कागदी चिकटपट्टीने बंद. तो फार्मासिस्ट, वर औषधाच्या बाटलीवर असतं तसं लेबल, त्याच्या अक्षरात: 'रोज दहा पानं, जेवणानंतर. शेवटून सुरुवात करू नये.'

लेकीने एकेक अक्षर लावत ते वाचलं, हसली, आणि मग त्याच खुर्चीवर बसून राहिली.

मी रोज दहा पानं वाचत गेले. पट्टी जवळ आली तशी दहाची पाच केली, पाचाची दोन. आज पट्टीपाशी पोचले. फितूर आजारी पडलाय, स्वार तलवार उपसून त्याच्या उशाशी उभा आहे, आणि ती दारात.

लेक कामावरून आली. "सो? डज ही किल हिम?"

"माहीत नाही."

"ओपन इट, आई!"

पट्टी जुनी, सुकलेली. नखाने सहज निघाली असती.

"जेवणं व्हायचीत अजून," मी म्हणाले आणि तांदूळ काढले. इथल्या तांदळात खडा नसतो. तरी आज ताट मांडीवर घेऊन मी बराच वेळ निवडत बसले.