कडेकडेनं

लेक पाचवीत गेली आणि शाळेनं सूचना काढली की गेटसमोर पालकांच्या गाड्या नकोत. सूचना चांगलीच होती. सकाळी सातला तिथं अशी कोंडी व्हायची की मुलं गाड्यांच्या फटींतून वाट काढत आत जायची, आणि आम्ही पालक एकमेकांवर हॉर्न वाजवत त्यांना 'सांभाळून जा' म्हणायचो. लेकीनं मात्र सूचनेचा अर्थ लगेच काढला. आता ती एकटी चालत जाणार होती.

माझा जीव टांगणीला लागला. कोपरखैरण्यातलं आमचं घर शाळेपासून दहा मिनिटांवर आहे, पण मधे दुभाजकाचा मोठा रस्ता, आणि सकाळी गाड्या सुसाट सुटलेल्या. मी मुळातच घाबरट. लेक पायरीवर जरा घसरली तरी माझं मन एक्स-रेपर्यंत पोचलेलं असतं. आठ दिवस मी तिच्यासोबत चालले आणि पाठ करून घेतलं. कडेला थांबायचं. दुभाजकापर्यंत गाड्या उजवीकडून येतात, म्हणून उजवीकडे बघायचं. दुभाजकावर पुन्हा थांबायचं, मग डावीकडे बघायचं. पळायचं नाही. जेवताना, वेणी घालताना, कधीही विचारायचे. ती वैतागून उत्तर द्यायची, पण चुकायची नाही.

ती एकटी जाऊ लागली तशी मी रोज गॅलरीत उभी राहायचे. झाडांमुळे तिथून रस्ता ओलांडायची जागा दिसत नाही, तरी उभी राहायचे. कुठं करकचून ब्रेक लागला की कठड्यावरून वाकून बघायचे.

तिसऱ्या आठवड्यात एकदा तिचा डबा ओट्यावरच राहिला. ती निघून पाच मिनिटं झाली होती. मी स्कूटरची किल्ली उचलली. खरं तर आमच्या फाटकातून डावीकडे वळायचं, सिग्नलला यू-टर्न घ्यायचा आणि पलीकडून शाळेकडे यायचं. तसं आमच्या सोसायटीतलं कोणीच जात नाही. सगळे उजवीकडे वळतात आणि समोरून येणाऱ्या गाड्या चुकवत, फुटपाथला चिकटून पुढे जातात. त्याला राँग साइड म्हणत नाहीत, कडेकडेनं जाणं म्हणतात. लेकीला मागे बसवून मीही चार वर्षं तशीच गेले होते.

समोरून एक टेम्पो हॉर्न देत आला. मी आणखी कडेला सरकले, वेग मात्र तसाच ठेवला, कारण घंटेच्या आत तिला गाठायचं होतं. माझं सगळं लक्ष त्या टेम्पोवर. तो गेला, आणि फुटपाथवरच्या विजेच्या पेटीआडून एक मूल रस्त्यावर उतरलं. उजवीकडे नीट बघत, अजिबात न पळता. मला फक्त दप्तर दिसलं. मी दोन्ही ब्रेक आवळले. स्कूटर घसरत गेली आणि पुढचं चाक दप्तराला घासून थांबलं.

मूल धडपडलं, सावरलं आणि मागे वळलं. ती माझीच लेक होती.

मी स्कूटर स्टँडला लावली. सवयीनं तिच्यावर ओरडायला तोंड उघडलंसुद्धा, पण ओरडणार कशावरून? मी शिकवलेलं तिनं तंतोतंत केलं होतं.

"आई, मी उजवीकडे बघितलं होतं," ती रडवेली होऊन म्हणाली.

तिला वाटत होतं चूक तिची आहे. मी नुसतं "हो" म्हटलं, डबा दिला, हात धरून रस्ता ओलांडून दिला. हात तिनं घट्ट धरला होता की मी, ते आठवत नाही.

संध्याकाळी जेवताना तिच्या बाबांना दप्तरावरचा काळा ओरखडा दिसला. लेकीनं सांगितलं की सकाळी एक स्कूटर घासून गेली, उलट्या बाजूनं आली होती. ते संतापले. असल्यांना आधी लायसन कोण देतं इथपासून सुरुवात झाली. मग त्यांनी विचारलं, कोण होतं, ओळखीचं कोणी?

लेकीनं ताटातला भात कालवायला घेतला.

"मी नाही बघितलं, बाबा. फास्ट गेली ना."

सकाळी ब्रेक आवळतानाही मला इतकी भीती वाटली नव्हती. अकरा वर्षांची पोर मला वाचवायला खोटं बोलत होती, आणि किती सहज बोलत होती. मी हातातला घास ताटात ठेवला.

"मीच होते ती," मी म्हणाले.